झेंडी

पर्यटक एकच, मी.
तरी खुए झेंडी वर धरते,
पिवळी, टोकाला विरलेली,
आणि दर वळणावर मागे बघून मोजते:
एक.
"सवय," म्हणते. "बसभर माणसांची सवय."

सकाळचे आठ. ह्वे शहर. द्वानची गाडी,
आरशाला लाकडी मण्यांची माळ,
थंड पाण्याच्या दोन बाटल्या, एक ओला रुमाल,
आणि फक्त माझ्यासाठी
घडी मोडलेली अख्खी राजधानी.
पैसे भरलेत, पावती आहे,
तरी चोरून आत शिरल्यासारखं वाटतं.

माध्यान्ह दरवाज्याला पाच वाटा.
मधली राजाची, ती बंद.
"तुम्ही प्रधानांच्या वाटेनं या," खुए म्हणते,
"मी हत्तींच्या येते. तिकडे सावली असते."

आत गवत.
गवताच्या पलीकडे गवत,
मध्ये जोत्याचे दगड, एक पायरी
जी कुठंच चढत नाही.
खुए बोट दाखवते. तिच्या इंग्रजीत
एवढ्याशा एका शब्दात भागतं सगळं;
मी मनात मराठी करत जाते, तर
इथं शयनमहाल होता,
इथं राणीची बाग होती,
इथं तळं होतं, तळ्यात मासे होते.
शाळेतल्यासारखी मी
लिंग-वचन जुळवत चाललेय
आणि समोर एक बगळा,
एक गवत कापायचं यंत्र,
यंत्रामागे कानटोपीवाला माणूस.

तो यंत्र थांबवून काहीतरी ओरडतो.
"माझा मामेभाऊ," खुए सांगते,
"विचारतो, आज किती जण?"
झेंडी किंचित हलवते ती.
तो हसतो. यंत्र पुन्हा सुरू.

दुपारी गवती चहाच्या वासाचा रस्सा,
तिखट, नाकातून पाणी.
द्वान न बोलता माझ्या वाटीत
आणखी एक मिरची टाकतो. हा मान असावा.

साडेतीन ते चार: मोकळा वेळ,
असं छापलंय कार्यक्रमात.
खुए घड्याळाकडे बघते, मग द्वानकडे,
मग झेंडी गुंडाळून पिशवीत घालते.
"पाच मिनिटांवर आहे," म्हणते.
काय ते सांगत नाही.

खंदकाच्या कडेनं गल्ली,
वाळत घातलेले शाळेचे गणवेश,
दारात चपला, कोंबडी, मोटारसायकल.
मागच्या खोलीत तिचे वडील
चुलीपुढे उकिडवे बसलेले.
त्यांना ऐकू येत नाही आता.
चूल चार विटांवर.
विटा जाड, जुन्या मापाच्या,
अशा आता कुणी भाजत नाही.

अडुसष्टची लढाई संपली तेव्हा
सगळेच नेत होते, खुए सांगते,
कुणी दारं, कुणी कौलं.
बाबा बारा वर्षांचे. घराला चूल नव्हती.
चार खेपा केल्या. एकेका खेपेला एक.

म्हाताऱ्यानं आमच्या तोंडांकडे बघून
ओळखलं असावं काय चाललंय ते.
चिमट्यानं विटेवर टकटक केली,
चार बोटं दाखवली मला,
आणि केटली खाली उतरवली.

"हा शयनमहाल आहे," खुए म्हणाली.
चहा फार गरम होता.
मी वीट हातानं चाचपून बघितली,
जशी बाजारात वस्तू बघतात तशी,
आणि लगेच लाज वाटली.

सहा वाजता हॉटेलच्या पायरीवर
तिनं पुन्हा झेंडी काढली, मोजलं,
आणि कंपनीचा कागद पुढं केला.
गाडी स्वच्छ होती का? हो.
मार्गदर्शक वेळेवर आल्या का? हो.
ठरलेल्या मार्गाबाहेर कुठं नेलं का?

नाही, अशी खूण केली मी,
सही केली, कागद परत दिला.
कोपऱ्यात, जिथं धरला होता,
माझ्या अंगठ्याची काजळी
स्पष्ट उमटली होती.
खुएनं ती बघितली,
आणि कागदाची घडी घातली.